नानकटाई : भट्टी, खरकटे आणि चारोळी

पक्वान्नांचा इतिहास लिहावयास बसणाऱ्याच्या वाटेत पहिल्याने आडव्या येतात त्या जन्मकथा. प्रत्येक पदार्थामागे एक कथा तयार असते. ती सांगावयास सोपी असते आणि बहुधा एकाच माणसाच्या नावावर रचलेली असते. नानकटाईचीही अशी एक कथा आहे, आणि ती प्रस्तुत लेखात तपासावयाची आहे. तथापि लेखाचा मुख्य प्रश्न निराळा आहे. एकोणिसाव्या शतकात भट्टीतल्या पावाने आणि बिस्किटाने महाराष्ट्रात जातिबहिष्काराचे वाद पेटविले. त्याच भट्टीतून निघालेली नानकटाई मात्र दिवाळीच्या फराळात चकली-करंजीच्या शेजारी जाऊन बसली, आणि तिच्या नावाने असे ग्रामण्य उभे राहिले नाही. हे कसे घडले? चंद्रपूर-गडचिरोलीच्या वनप्रदेशातील वाचकास या प्रश्नाशी काय कर्तव्य, असे कोणी विचारील. त्याचे उत्तर नानकटाईच्या माथ्यावर टोचलेल्या चारोळीच्या दाण्यात आहे. तेथे क्रमाने येऊ.

प्रथम नावाचा विचार करू. मराठीत 'नानखटाई' आणि 'नानकटाई' ही दोन्ही रूपे चालतात. बोलण्यात दुसऱ्याचा प्रचार अधिक. पूर्वपद फारसी 'नान' म्हणजे भाकर, रोटी. उत्तरपदाविषयी लोकव्युत्पत्ती पुष्कळ आहेत. पूर्वी हे पीठ ताडीने आंबवीत, म्हणून ती 'खटाई', असे काही सांगतात. मूळ जिनसा सहा होत्या म्हणून 'खट्' म्हणजे षट्, असेही सांगितले जाते. या दोन्ही व्युत्पत्ती 'ट' या वर्णावर उभ्या आहेत, आणि तो वर्ण हिंदुस्थानी उच्चाराने आणलेला आहे. फारसी रूप 'नान-इ-खताई' असे आहे. 'खता' म्हणजे उत्तर चीन. दहाव्या ते बाराव्या शतकांत तेथे राज्य करणाऱ्या खितान लोकांवरून मध्य आशियात त्या देशास हे नाव पडले, आणि युरोपीय भाषांतील 'कॅथे' हे त्याचेच रूपांतर होय. कस्तुरीचे देश म्हणून 'खता' आणि 'खोतान' ही जोडी फारसी काव्यात वारंवार भेटते. अफगाणिस्तानात आणि काश्मिरातही 'खताई' नावाची भट्टीत भाजलेली गोड वडी आहे. तेव्हा हे नाव खुष्कीच्या मार्गाने, फारसी बोलणाऱ्यांच्या तोंडून आपल्याकडे आले, असे मानणे सयुक्तिक ठरते.

आता सुरतेची कथा. सुरतेस डचांची वखार सतराव्या शतकाच्या दुसऱ्या दशकापासून होती. तेथे एका डच दांपत्याने पावाची भट्टी चालविली, हाताखाली पारशी कारागीर ठेवले, आणि डच सुरत सोडून निघाले तेव्हा ती भट्टी फरामजी पेस्तनजी दोटीवाला यांच्या स्वाधीन केली. युरोपीय गिऱ्हाईक गेल्यावर पाव खपेना. उरलेला पाव वाळवून विकला, तो लोकांस रुचला. त्या वाळवणातून पुढे कोरडी बिस्किटे आणि त्यांतून नानकटाई निघाली, अशी ही परंपरा आहे. १८२४ च्या इंग्रज-डच तहानंतर, १८२५ मध्ये, डचांनी सुरत कायमची सोडली, हा इतिहास आहे. आणि दोटीवाला घराण्याचा पाव-बिस्किटांचा व्यवसाय सुरतेत पिढ्यानपिढ्या चालला, हेही सर्वश्रुत आहे. कथेचा पाया अशा रीतीने भक्कम आहे.

परंतु ती कथा नावाचा उलगडा करीत नाही. डचांनी शिकविलेल्या वडीस डच नाव पडावयास हवे होते, किंवा गुजराती तरी. पडले ते फारसी. सुरत हे मोगलांचे बंदर. हज यात्रेची जहाजे तेथून सुटत. इराणी, तुराणी व अरब व्यापाऱ्यांची तेथे वस्ती होती. तेथे 'नान-इ-खताई' हा शब्द डच भट्टीची वाट पाहत थांबला असेल, असे मानण्याचे कारण नाही. आमच्या मते सुरतेत घडले ते असे : शब्द आणि कल्पना आधीची होती, बंदिस्त भट्टी, पत्र्यावर वड्या मांडून मंद आचेवर भाजण्याची हातोटी, आणि लोणी-साखर फेसून त्यांत पीठ मिळविण्याची युरोपीय रीत ही डचांच्या मागे उरली. या दोहोंचा संयोग पारशी कारागिरांच्या हातून झाला. लोण्याच्या जागी तूप आले, अंडे गळाले, वेलदोडा आणि जायफळ आले. एका माणसाच्या नावावर हा शोध घालण्यापेक्षा त्या बंदरातील दोन परंपरांचा तो संकर समजणे अधिक न्याय्य होय.

भट्टी मात्र सुरतेच्या आधीच पश्चिम किनाऱ्यावर आली होती. १५१० मध्ये पोर्तुगीजांनी गोवा घेतला, १५३४ च्या तहाने वसई त्यांच्याकडे गेली, आणि त्यांच्याबरोबर पाव आला. 'पाव' हा शब्दच पोर्तुगीज. गोव्यात पाव भाजणाऱ्यास 'पोदेर' म्हणतात, तोही त्याच भाषेतला. युरोपातले खमीर या हवेत मिळेना, म्हणून गोव्याच्या पोदेरांनी माडाची सूर वापरली. पुढे पावाविषयी जो तिटकारा दिसतो त्याचे एक कारण या सुरेत आहे. पाव म्हणजे परधर्मीयाने पाण्यात मळलेले पीठ, आणि तेही मद्याने फुगविलेले! एका ग्रासात दोन निषेध मोडत होते.

म्हणूनच सुधारकांनी निष्ठेची कसोटी म्हणून पावच निवडला. १८४९ मध्ये मुंबईत परमहंस सभा स्थापन झाली. दादोबा पांडुरंग हे तिचे प्रेरक, राम बाळकृष्ण जयकर हे अध्यक्ष. जातिभेद मोडण्याची प्रतिज्ञा करणाऱ्या नव्या सभासदास ख्रिस्ती माणसाने भाजलेला पाव खावा लागे आणि मुसलमानाच्या हातचे पाणी प्यावे लागे. हे सर्व गुप्तपणे चाले. १८६० मध्ये सभासदांची यादी चोरीस गेली आणि नावे फुटण्याच्या भयाने सभा विसर्जित झाली. दादोबा त्यापूर्वी सुरतेस शिक्षक होते आणि १८४४ मध्ये तेथे मानवधर्म सभा स्थापण्यात त्यांचा हात होता, हा योगायोग येथे सहज नोंदवून ठेवतो. पावाच्या तुकड्याने समाज बदलेल असे मानणाऱ्या त्या पिढीच्या धैर्याचे कौतुकच केले पाहिजे; तथापि ज्या कृत्याची जाहीर वाच्यता होताच सभा मोडते, ते कृत्य स्वयंपाकघरात शिरू शकत नाही, हेही खरे.

यानंतर चाळीस वर्षांनी पुण्यास पंचहौद मिशनमध्ये जे घडले ते प्रसिद्धच आहे. ऑक्टोबर १८९० मध्ये तेथील व्याख्यानानंतर पाहुण्यांपुढे चहा-बिस्किटे ठेवण्यात आली. मंडळींत न्यायमूर्ती रानडे होते, टिळक होते. गोपाळराव जोशी यांनी उपस्थितांची नावे 'पुणे वैभव' पत्रात छापवून आणली, आणि शहरात चहा-ग्रामण्य सुरू झाले. प्रकरण शंकराचार्यांच्या पीठापर्यंत गेले. रानड्यांनी १८९२ मध्ये प्रायश्चित्त घेतले, आणि त्याबद्दल त्यांच्या सुधारक मित्रांनी त्यांना दोष दिला. या वादाची राजकीय बाजू अनेकांनी मांडली आहे. आमच्या दृष्टीने त्यातली लक्षणीय गोष्ट एवढीच, की प्रश्न घोटभर चहाचा आणि मूठभर बिस्किटांचा होता, आणि त्या दोहोंतही पाणी होते.

पाण्याचा हा मुद्दा समजल्याखेरीज नानकटाईचा प्रवेश समजणार नाही. महाराष्ट्रीय घरांत अन्नाचा विटाळ सर्वत्र सारखा मानीत नसत. पाण्यात शिजलेला भात, पाण्यात मळलेली पोळी ही 'खरकटी'. त्यांना सोवळे, पंगत, जात यांचे सर्व निर्बंध लागू. तुपात तळलेले, कोरडे भाजलेले, दुधात मळलेले अन्न त्या मानाने मोकळे. प्रवासाच्या शिदोरीत दशम्या असत त्या याच कारणाने : दशमीचे पीठ पाण्याऐवजी दुधात मळलेले, म्हणून ती वाटेत कोठेही खाता येई. हलवायाकडचा पेढा देवापुढे चाले. हलवायाकडचा भात कोणी आणला नसता. लाह्या, चुरमुरे, फुटाणे भडभुंज्याच्या भट्टीतून येत.

आता नानकटाईची कृती पाहावी. रवाळ तूप परातीत घेऊन तळहाताने फेसावयाचे, त्यांत पिठीसाखर मिळवून पुन्हा फेसावयाचे, इतके की मिश्रण पांढरे व हलके होऊन त्याचा ठिपका पाण्यावर तरंगावा. मग त्यांत मैदा, थोडे बेसन किंवा रवा, वेलदोड्याची पूड, किसलेले जायफळ. साधारण प्रमाण तूप एक भाग, साखर एक भाग, पीठ दोन भाग. फुलण्यासाठी चिमूटभर सोडा. काही घरी तो चमचाभर दह्यावर घालून फसफसू देतात. गोळे वळून वरून किंचित दाबावयाचे, माथ्यावर चारोळी किंवा पिस्त्याचा काप टोचावयाचा, आणि पत्र्यावर अंतराअंतराने मांडावयाचे. या सर्व खटाटोपात पाण्याचा थेंब नाही. पाणी नाही म्हणून गव्हातील चिकटपणा जागा होत नाही आणि वडी खुसखुशीत होते. जे आपण करंजीच्या पारीस मोहन घालून थोडेसे साधतो ते येथे पूर्णत्वाने साधते. पाणी नाही म्हणूनच ती खरकटीही होत नाही. पाकशास्त्राची आवश्यकता आणि सोवळ्याची आवश्यकता यांचा असा मेळ क्वचितच पाहावयास मिळतो.

ताडीचा प्रश्न सोड्याने मिटविला. पापडखार आपल्या घरात आधीपासून होताच. एकोणिसाव्या शतकाच्या उत्तरार्धात कारखान्यात तयार झालेला खाण्याचा सोडा स्वस्त झाला आणि फुगविण्यासाठी मद्याची गरज उरली नाही. सोडा जास्त पडला तर वडीस साबणाची चव येते, हे त्याचे दुष्फळ जुन्या सुगरणींना ठाऊक आहे. अंडे सुरतेसच गळाले होते. राहता राहिली भट्टी आणि भट्टीवाला.

येथे मराठी गृहिणीने जो मार्ग काढला तो आम्हांस या सर्व इतिहासातील सर्वांत चतुर भाग वाटतो. तिने नानकटाई विकत आणली नाही; भट्टी भाड्याने घेतली. दिवाळीच्या आधी तूप, साखर व मैदा घरचा, मळणे घरचे, वळणे घरचे; बेकरीत न्यावयाचे ते तयार गोळ्यांचे पत्रे. कोठे जिन्नस तेवढे नेऊन तेथेच डोळ्यांदेखत मिश्रण करवून घेत. पाव रात्री-पहाटे भाजून निघाल्यावर भट्टीची आच उतरत जाते, आणि नानकटाईस नेमकी तीच मंद आच लागते; तेव्हा बेकरीवाल्यासही हे काम सोयीचे, उरलेल्या उष्णतेचे पैसे करून देणारे. पत्र्यावर नावाची चिठ्ठी, दाराशी पोराबाळांची रांग, भाजणावळ रोख. गेल्या शतकाच्या सातव्या-आठव्या दशकांपर्यंत महाराष्ट्रातील लहानमोठ्या शहरांतून ही रीत सर्रास होती, आणि विदर्भही तिला अपवाद नव्हता. भट्टीवाला मुसलमान असो, इराणी असो की गोव्याचा ख्रिस्ती असो, अन्नास त्याचा हात लागे तो लांब दांड्याच्या फावड्याने.

ही रीत नवी वाटते, पण तिला जुना पूर्वदाखला आहे. घरचे धान्य भडभुंज्याकडे नेऊन भाजून आणणे आणि त्याला मजुरी देणे हा व्यवहार आपल्याकडे पूर्वापार चालत आला. रसेल आणि हिरालाल यांच्या १९१६ मधील मध्यप्रांतातील जाती-जमातींच्या ग्रंथात भडभुंज्यांची स्वतंत्र नोंद आहे. धान्य भाजणे हा ज्यांचा जातिधर्मच, असे ते लोक. धान्य आपले, अग्नी दुसऱ्याचा, आणि पाणी कोणाचेच नाही, या तीन अटींवर तो व्यवहार निर्वेध चाले. बेकरी या चौकटीत बिनबोभाट बसली. परमहंस सभेने पावाच्या द्वारा जो उंबरठा ओलांडण्यासाठी शपथ घेतली, तो उंबरठा तसाच ठेवून नानकटाई त्याच्यावरून आत आली. याला सुधारणा म्हणावयाचे की सुधारणेची टाळाटाळ, हा वाद वाचकांनी घालावा. आमचा कल दुसऱ्या बाजूकडे आहे. कारण पत्रे घेऊन बेकरीच्या दारात उभ्या राहणाऱ्या कित्येक घरांत पाव त्यानंतरही पुष्कळ वर्षे 'आजाऱ्याचे खाणे' म्हणूनच येत राहिला.

मुद्रित पाकग्रंथांची साक्ष याच दिशेची आहे. रामचंद्र सखाराम गुप्ते यांचे 'सूपशास्त्र' १८७५ चे. ते चुलीचे शास्त्र आहे. १९१० मध्ये लक्ष्मीबाई धुरंधरांचे 'गृहिणी-मित्र अथवा हजार पाकक्रिया' निघाले. मुंबईच्या पाठारे प्रभू समाजात वर-खाली निखारे ठेवून भाजण्याचे भानोल्यासारखे पदार्थ रूढ होते, आणि विलायती पदार्थांविषयी त्या समाजाची दृष्टीही मोकळी होती. बाईंच्या पुस्तकात ती दिसते. १९७० मध्ये कमलाबाई ओगले यांची 'रुचिरा' प्रसिद्ध झाली, तोवर नानकटाई ही कोणासही परकी वाटत नव्हती. दरम्यान १९३७ पासून डालडा बाजारात आला होता. ज्या तुपाने नानकटाईस शुद्धतेचा दाखला दिला, तेच तूप काढून वनस्पती घातले तरी कोणी हरकत घेतली नाही. प्रवेशाचे कारण नष्ट झाले तरी प्रवेश कायम राहिला.

आता वर्धा-वैनगंगेच्या प्रदेशाकडे वळू. अग्नीत भाजणे येथे नवे नव्हते. गोवऱ्यांच्या आरात भाजलेले रोडगे, पळसाच्या पानांत धरून निखाऱ्यावर भाजलेले पानगे हे विदर्भाचे जुने अन्न; देवाच्या नवसाला रोडग्यांचे जेवण अजूनही होते. परकी होती ती बंदिस्त भट्टी. तिच्यासाठी रोजचे गिऱ्हाईक लागते आणि मैदा लागतो, आणि दोन्ही गोष्टी रेल्वेबरोबर येतात. जुन्या चांदा जिल्ह्यात १८७१ मध्ये वरोऱ्याची कोळशाची खाण सुरू झाली आणि त्याच दशकात वर्ध्याहून रूळ तेथवर आले. विसाव्या शतकाच्या आरंभी बल्लारपूरची खाण उघडली, आणि १९२९ मध्ये काझीपेठ-बल्लारशा मार्ग जोडला गेल्यावर उत्तर-दक्षिण वाहतूक येथूनच वाहू लागली. खाणकामगार, रेल्वेचे नोकर, हॉटेले, यांचा हा पट्टा. वैनगंगेच्या पलीकडचा धानाचा आणि वनाचा मुलूख, जो २६ ऑगस्ट १९८२ रोजी गडचिरोली जिल्हा म्हणून वेगळा झाला, त्याला विसाव्या शतकात रेल्वेचे स्थानक मिळाले ते देसाईगंज-वडसा हे एकटेच.

येथे एका मोहाचा उल्लेख करावासा वाटतो. एकोणिसाव्या शतकाच्या उत्तरार्धापासून चांद्यास स्कॉटिश एपिस्कोपल चर्चचे मिशन होते. स्कॉटलंडची 'शॉर्टब्रेड' ही लोणी, साखर व पीठ यांची बिनअंड्याची, बिनपाण्याची वडी, नानकटाईची सख्खी बहीण शोभावी अशी. दोन गोष्टी शेजारी ठेवून नाते जुळविण्याचा मोह येथे सहज होईल. परंतु साम्य म्हणजे वंश नव्हे. तूप व पीठ यांचे गणित दोन ठिकाणी स्वतंत्रपणे एकाच उत्तरास येऊ शकते. चांद्याची नानकटाई मिशनच्या फाटकातून आली नाही. ती नागपूरच्या आणि मुंबईच्या वाटेने, तयार नाव घेऊन आली.

या प्रदेशाने नानकटाईस दिले ते वेगळेच. चारोळी हे चार वृक्षाच्या बीजातील मगज. मध्य भारताच्या पानझडी वनांत हा वृक्ष सर्वत्र आहे. संस्कृतात त्याला प्रियाल म्हणतात; कुमारसंभवाच्या तिसऱ्या सर्गातील वसंतवर्णनात त्याचा मोहोर आला आहे. चैत्र-वैशाखात चारे पिकतात. चंद्रपूर-गडचिरोलीच्या रानांत गोंड, माडिया आणि इतर वनवासी स्त्रिया-मुले ती वेचतात. आंबटगोड गर खाऊन होतो. उरलेल्या बिया भिजवून, चोळून, वाळवून ठेवतात. कवच इतके टणक की ते फोडावयास जाते लागते, आणि जात्याच्या तळ्या जरा जास्त जवळ आल्या तर मगजाचाच भुगा होतो. टोपलीभर चारांतून पसाभर चारोळी निघते. ही सारी मेहनत गावात होते. भाव मात्र बाजारात ठरतो. शेजारच्या बस्तरातील आठवडी बाजारांत मिठाच्या मोबदल्यात चारोळी घेणारे व्यापारी हा तेथील लोकस्मृतीचा एक कडू भाग होऊन बसला आहे.

सोवळ्याच्या दृष्टीने येथे एक विसंगती दिसते, ती नोंदविण्यासारखी आहे. ज्या घराने भट्टीवाल्याचा हात पिठापासून दूर ठेवण्यासाठी एवढी खबरदारी घेतली, त्याच घराने अरण्यातील माडिया स्त्रीने सोललेला दाणा निःशंकपणे वडीच्या माथ्यावर टोचला. दाणा कोरडा होता, आणि तो पाच हातांतून फिरून वाण्याच्या पुडीत आला होता, एवढे पुरे झाले. भट्टीवाल्याचा चेहरा गृहिणीला दिसत होता, आणि वेचणारीचा दिसत नव्हता. पाकग्रंथांत चारोळीचा उल्लेख येतो तो सजावटीच्या ओळीत.

कायद्यात हा चेहरा फार उशिरा आला. १८७८ आणि १९२७ च्या वनकायद्यांनी रानाची मालकी सरकारकडे नेली. पुढे १९९६ च्या पेसा कायद्याने आणि २००६ च्या वनहक्क कायद्याने गौण वनोपजावरील ग्रामसभेची मालकी मान्य केली. धानोरा तालुक्यातील मेंढा (लेखा) या गावास २००९ मध्ये सामूहिक वनहक्क मिळाला. तेथील लढ्यात बांबू अग्रभागी होता. पण ज्या तत्त्वाने बांबू गावाचा झाला त्याच तत्त्वाने चारही झाला. मात्र चाराचे दुखणे निराळे आहे. भाव चढला की कोणी आधी पोचावे याची चढाओढ लागते, फळ पिकण्यापूर्वी तोडले जाते, फांद्याच खाली उतरविल्या जातात, आणि जमिनीवर पडून रुजावयास बी उरत नाही. मध्य भारतातील कित्येक रानांत चाराची नवी रोपे विरळ होत चालली आहेत.

घरोघर विजेच्या भट्ट्या आल्यापासून पत्रे घेऊन बेकरीत जाण्याची रीत मागे पडली आहे. चारोळी महागल्यावर बेकरीवाल्यांनी तिच्या जागी पिस्त्याचा कीस लावला, आणि तोही महागल्यावर रंगीत टूटीफ्रूटीचे तुकडे. काही ठिकाणी गोळ्याच्या मध्यभागी अंगठ्याने खळगा तेवढा पाडतात आणि तो रिकामाच भट्टीत जातो.